पहिल्या भागापुरता सज्जन

इमारतीत सगळे त्यांना मायक्रोमीटरसाहेब म्हणत, आणि त्यामागची चेष्टा लक्षात येऊनही ते नाव त्यांनी पदवीसारखे स्वीकारले होते. तंत्रनिकेतनातून बाहेर पडल्यापासून निवृत्त होईपर्यंत त्यांनी एकाच कारखान्याच्या टूलरूममध्ये मोजमापे तपासली, आणि त्यांच्या हाताखालून गेलेला एकही सुटा भाग कधी परत आला नाही. निवृत्तीनंतर तपासायला सुटे भाग उरले नाहीत, तेव्हा त्यांनी घर तपासायला घेतले. नातू जन्मला त्या दिवशी नर्सने बाळाची लांबी मोजली, तर साहेबांनी टेप हातात घेऊन तिचे टोक झिजले असल्याचे नर्सच्या नजरेस आणून दिले. तेव्हापासून ती नर्स साहेब जिन्यावर दिसले की औषधांच्या खोलीत जाऊन बसत असे.

लांबीचा प्रश्न सुटला. नावाचा सुटेना.

खरे तर एक नाव तयार होते, आणि हीच अडचण होती. विहीणबाईंना एकच अपत्य, म्हणजे साहेबांची सूनबाई. मुलगा झाला असता तर ठेवायचे म्हणून विहीणबाईंनी एक नाव ठरवून ठेवले होते, आणि मुलगा झाला नाही तरी नावावरचा हक्क त्यांनी सोडला नव्हता. सूनबाईचे सगळे बालपण त्या न जन्मलेल्या भावाच्या शेजारी गेले. तो असता तर गणितात इतके कमी गुण आणले नसते. तो असता तर सायकल गटारात घातली नसती. तो असता तर भाजी आणायला सांगितल्यावर पिशवी विसरला नसता. इतका गुणी भाऊ जिला आहे, त्या बहिणीने त्याचे नाव स्वतःच्या बाळाला द्यावे अशी अपेक्षा करणे हे जरा जास्तच झाले. पण विहीणबाई रोज सकाळी फोन करून नेमके तेच करत होत्या.

शेवटी एका सकाळी फोन खाली ठेवून सूनबाई साहेबांच्या खुर्चीसमोर येऊन उभी राहिली.

"बाबा, नाव तुम्ही शोधा."

"मी? माझा त्या विषयाशी संबंध नाही."

"म्हणूनच. मी सुचवलं तर आई मोडून काढेल. यांनी सुचवलं तर हसेल. तुम्ही सुचवलंत तर काही बोलणार नाही. तुम्हाला ती घाबरते."

"मला कशाला घाबरतील त्या?"

"लग्नाच्या हॉलमध्ये तुम्ही आमच्या बाजूच्या खुर्च्यांचे पाय मोजले होते, बाबा."

"तीन खुर्च्या डुगडुगत होत्या," साहेब म्हणाले.

"तेच ते. ते नाव तेवढं घरात येऊ देऊ नका. बाकी काहीही चालेल."

'काहीही' हा शब्द साहेबांना मुळातच मान्य नव्हता. जबाबदारी अंगावर आल्यावर त्यांनी प्रथम अटी ठरवल्या. नाव गच्चीवरून हाक मारली तर फाटकापर्यंत स्पष्ट पोचले पाहिजे. इमारतीत त्या नावाचा दुसरा कोणी नसावा. शाळेतल्या पोरांना त्याची मोडतोड करता येऊ नये. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, ज्या कोणाचे ते नाव पूर्वी होते त्याचे काम चोख असले पाहिजे. या शेवटच्या चाळणीतून भलेभले गळाले. राजे पहिल्याच फटक्यात बाद झाले, कारण राजे स्वतः काही बनवत नाहीत. कवींचे काम तपासण्याचे साधन साहेबांकडे नव्हते. शास्त्रज्ञ बरे होते, पण त्यांची नावे फाटकापर्यंत पोचेनात.

अशा अवस्थेत मुलाच्या जुन्या कपाटाची बिजागरी बसवताना त्यांच्या हाती एक जाडजूड कादंबरी लागली. वाऱ्यावर जगणाऱ्या एका काल्पनिक देशाची ती गोष्ट होती. तिथली शेते, भट्ट्या, होड्या, सगळे पवनचक्क्यांवर चालायचे. साहेबांनी आयुष्यात कादंबरी वाचली नव्हती. पण उघडलेल्या पानावर एक पवनचक्की अडून बसली होती आणि गावातले लोक तिच्या पात्यांना दोष देत होते, आणि एवढे वाचल्यावर पुस्तक खाली ठेवणे त्यांच्या स्वभावात नव्हते. तेवढ्यात ओरवान नावाचा एक कारागीर गावात येतो. तो कोणाशी बोलत नाही. चक्कीभोवती फिरतो, आसाला कान लावतो, आणि सांगतो, "पाती ठीक आहेत. बैठक तिरकी आहे."

साहेबांनी पुस्तक मिटून चष्मा काढला. सबंध नोकरीत हेच वाक्य त्यांनी वरिष्ठांना किती वेळा सांगितले होते, आणि वरिष्ठांनी किती वेळा नवी पाती मागवली होती. वाङ्मयात आपल्याला ओळखणारे कोणीतरी आहे हे त्यांना या वयात कळत होते.

त्यांनी तो भाग शेवटपर्यंत वाचला. ओरवानने गावोगावच्या चक्क्या दुरुस्त केल्या, काम झाल्यावर हत्यारे पुसून पिशवीत ठेवली, आणि कोणी आभार मानायच्या आत तो पुढच्या गावी निघून गेला. माणूस म्हणून यापेक्षा जास्त काय असावे?

संध्याकाळी गच्चीवरची चाचणी झाली. फाटकाशी वरच्या मजल्यावरचे विमावाले उभे राहिले. विम्याच्या धंद्यातून निवृत्त होऊनही ते समोरच्याला आयुष्याची भीती घालण्याचे थांबले नव्हते. साहेबांनी गच्चीवरून "ओरवान" अशी हाक मारली. विमावाल्यांनी हात वर केला. रस्त्यापलीकडच्या एका अनोळखी माणसानेही केला. नाव उत्तीर्ण झाले.

मुलाला सांगितले तर तो ताडकन उठून बसला. "ओरवान? पवनचक्कीवाला? बाबा, तुम्ही ते पुस्तक वाचलंत?"

"वाचलं. चांगला माणूस आहे."

"माझा शाळेत असताना तोच आवडता होता. पुढचा भाग तुम्ही आणू दिला नव्हता. अभ्यास बुडतो म्हणून."

"बुडत होता," साहेब म्हणाले. पण आवाज नरम होता. मुलाला आणि त्यांना एकच माणूस आवडल्याची त्या घरातली ही पहिलीच वेळ होती.

सूनबाईने नाव दोनदा उच्चारून पाहिले आणि लगेच आईला फोन लावला. "बाबांनी शोधलंय. सगळ्या बाजूंनी तपासून घेतलंय." मग विहीणबाई म्हणाल्या की व्याह्यांनीच तपासले असेल तर आपण काय बोलणार. सूनबाईने फोन ठेवला आणि साहेबांसाठी न सांगता चहा केला. जन्मनोंदणीत नाव चढले. इथवर सगळे ठरलेल्या मापात होते.

बिघाड उघडकीस आला तो बालरोगतज्ज्ञांच्या दवाखान्यात. लस टोचायची होती. साहेब आणि त्यांच्या पत्नी बाळाला घेऊन बसले होते. आतून "ओरवान" अशी हाक आली, पत्नी बाळाला घेऊन आत गेल्या, आणि बाहेरच्या खोलीत अचानक शांतता पसरली. एका मुलाने खोकणे थांबवले. समोर बसलेली, हाताला प्लास्टर घातलेली एक बारा-तेरा वर्षांची मुलगी साहेबांकडे टक लावून पाहू लागली.

"आजोबा, त्याचं नाव खरंच ओरवान आहे?"

"हो."

"कोणी ठेवलं?"

"मी." साहेबांनी चष्मा सारखा केला.

मुलीच्या नजरेत आदर आला. "म्हणजे तुम्ही त्याच्या बाजूचे आहात?"

"बाजूचा म्हणजे?"

"आमच्या वर्गात फक्त दोघं आहेत त्याच्या बाजूचे. त्यांच्याबरोबर कोणी डबा खात नाही."

साहेबांनी तिला शांतपणे समजावले की यात बाजू घेण्यासारखे काही नाही. ओरवान हा एक निष्ठावान कारागीर असून तो पवनचक्क्या दुरुस्त करतो.

"ते पहिल्या भागात," मुलगी म्हणाली. "तुम्ही पहिलाच वाचलाय?"

"एकूण किती आहेत?"

"नऊ. पुढचं सांगू? का तुम्ही वाचणार आहात?"

"सांग."

"तो चक्क्या दुरुस्त करतो ना, ते मुद्दामच. सगळ्या चक्क्यांना एकच किल्ली लागेल असं करून ठेवतो. मग तिसऱ्या भागात ती किल्ली फिरवतो आणि सगळ्या देशातला वारा बंद. जो त्याच्यापुढे गुडघे टेकेल त्याला श्वासापुरता वारा सोडतो."

इतक्या चक्क्यांना एकच किल्ली बसवायची म्हणजे मोजमाप किती काटेकोर असले पाहिजे, हा विचार साहेबांच्या मनात सर्वांत आधी आला, आणि त्याची त्यांना लाज वाटली.

"घरच्यांशी तरी बरा वागतो ना?"

"आजोबांना भिंतीत चिणतो. सातव्या भागात."

"का?"

"त्यांनीच त्याला सगळं शिकवलेलं असतं. गुपित फुटेल ना."

त्याच क्षणी आतून बाळाने टाहो फोडला. लस टोचली की बाळे रडतात हे साहेबांना माहीत होते. पण या रडण्यात त्यांना प्रथमच हुकमाचा सूर ऐकू आला.

दुसऱ्या दिवसापासून ते वाचनालयात जाऊ लागले. उरलेले भाग बालविभागात होते आणि तिथल्या खुर्च्या साहेबांच्या गुडघ्यांपर्यंतच येत होत्या. "नातवासाठी नेताय का?" ग्रंथपालबाईंनी विचारले. "नातवासाठीच," साहेब म्हणाले, आणि यात खोटे काही नव्हते. नातू केवढा आहे हे त्यांनी सांगितल्यावर बाईंनी पुन्हा काही विचारले नाही. घरी नेली तर सूनबाईला कळले असते, म्हणून साहेब तिथेच, गुडघे हनुवटीशी घेऊन, भागामागून भाग वाचत राहिले. कुठेतरी हा माणूस सुधारेल अशी त्यांना आशा होती. चौथ्या भागात ओरवान जखमी झाला तेव्हा ती वाढली; माणूस आजारपणात विचार करतो. त्याने आजारपणात तुरुंगाचा नकाशा काढला. नकाशा उत्तम होता. पाचव्या भागात त्याने एकही शब्द खोटा न बोलता अख्खी राजसभा फसवली. सातव्या भागातली भिंत साहेबांनी दोनदा वाचली. नवव्याच्या शेवटी मनोरा कोसळतो, पण ढिगाऱ्यात ओरवान सापडत नाही, म्हणजे दहावा भाग निघणार हे उघड होते.

ही गोष्ट कोणाजवळ तरी बोलणे भाग होते. घरात बोलायची सोय नव्हती, म्हणून त्यांनी विमावाल्यांना विश्वासात घेतले. दुसऱ्या शब्दांत सांगायचे तर सगळ्या इमारतीला घेतले.

"साहेब, जोखीम कुणावर आहे ते बघा," विमावाले म्हणाले. "घरात आजोबा किती?"

"एकच."

"म्हणजे सगळी तुमच्यावर. आईकडचे आजोबा नाहीत ना? मग वाटूनही घेता येणार नाही."

समोरच्या दारातल्या शिवणकाम शिकवणाऱ्या बाईंनी वेगळी बाजू मांडली. "नवीन नाव म्हणजे नवं कापड हो. आधी कच्चा टाका घालायचा, महिनाभर अंगावर बघायचं. तुम्ही थेट मशीन मारलीत." साहेब आयुष्यात कच्च्या टाक्याशिवाय काही करत नसत. हे वाक्य त्यांना फार लागले, आणि पुढचे काही दिवस ते जिन्यात बाईंना पाहून न पाहिल्यासारखे करत.

मग त्यांनी सरळ मार्ग धरला आणि जन्मनोंदणीच्या कार्यालयात नाव बदलण्याचा अर्ज घेऊन गेले. खिडकीमागच्या कारकुनाने अर्ज वाचला.

"कारण?"

"माणूस वाईट निघाला."

"कोण?"

"ज्याच्यावरून नाव ठेवलं तो."

"नातेवाईक आहे?"

"पुस्तकातला आहे."

कारकुनाने पेन खाली ठेवले. "हे बघा काका, आमच्याकडे कारणं तीन. अक्षराची चूक, दत्तक, नाहीतर कोर्टाचा हुकूम. तुमचं मी कशात बसवू?"

"निवड सदोष, असं चौथं करता येईल," साहेबांनी सुचवले.

"असं चौथं केलं तर उद्या इथं निम्मं गाव येईल." पण कारकून अगदीच निर्दय नव्हता. त्याने साहेबांना सांगितले की वाईट असल्याचा पुरावा जोडा, म्हणजे वरिष्ठांपुढे ठेवता येईल. प्रत साक्षांकित हवी.

साहेबांनी सातव्या भागातल्या भिंतीच्या पानाची प्रत काढली आणि ती घेऊन नोटरीकडे गेले. नोटरींनी ते पान वाचून शिक्का हातातच धरला. प्रत मुळाबरहुकूम आहे एवढेच आपण लिहू शकतो, असे ते म्हणाले. आजोबांना खरोखर चिणले की नाही याबद्दल आपण काही म्हणू शकत नाही, आपण तिथे नव्हतो. साहेबांना ही भूमिका पूर्णपणे पटली. त्यांच्या टूलरूममध्येही स्वतः न मोजलेल्या मापावर सही करायची पद्धत नव्हती.

ते पान घेऊन ते पुन्हा खिडकीपाशी आले. कारकून वाचू लागला. मागे रांग वाढत गेली. कारकुनाने पान उलटे करून पाहिले.

"पुढचं पान कुठाय?"

"अर्जाला ते लागत नाही."

"अर्जाला नाही हो, मला लागतंय. ते म्हातारबुवा बाहेर येतात का नाही?"

"नाही," साहेब म्हणाले.

कारकुनाने हळहळून अर्ज परत केला. तो आता साहेबांकडे अगदी आपुलकीने पाहत होता. "काका, कारणाचं मी बघतो काहीतरी. पण आईवडील दोघांच्या सह्या लागतील. त्याशिवाय वरिष्ठ हात लावणार नाहीत."

सह्या म्हणजे सूनबाईला सांगणे आले. साहेब अर्ज खिशात घालून घरी आले आणि जेवायला बसले. समोर सूनबाई बाळाला मांडीवर घेऊन फोनवर आईशी बोलत होती आणि पहिल्यांदाच हसत होती. अर्ज खिशातच राहिला.

उरली होती विमावाल्यांची सूचना, आणि हताश माणूस कोणाचीही सूचना ऐकतो. ती अशी की प्रकाशकालाच पत्र लिहावे. दहाव्या भागात ओरवानला सुधारायला सांगावे. साहेबांनी त्यांच्या जुन्या तपासणी अहवालाच्या धर्तीवर तीन पानी पत्र लिहिले. जो माणूस बैठकीचा तिरकेपणा कानाने ओळखतो तो आजोबांना चिणताना कच्च्या विटा वापरणार नाही, त्यामुळे सातव्या भागातली घटना तांत्रिकदृष्ट्या टिकत नाही, असा त्यांचा मुख्य मुद्दा होता. शेवटी त्यांनी विनंती केली होती की या व्यक्तीचे नाव आमच्या घरातल्या तान्ह्या बाळाला दिलेले असल्याने तिच्या चारित्र्याचा फेरविचार व्हावा. खाली पत्ता आणि बाळाचे नाव लिहिले.

प्रकाशकाने तीन पाने वाचली नसावीत. त्याने शेवटची ओळ वाचली असावी. कारण काही दिवसांनी घरी एक मोठे पार्सल आले ते चि. ओरवान यांच्या नावाने, आणि बाळाच्या नावाचे पार्सल बाळाच्या आईने उघडले.

आत एक काळा झगा होता, एक काळी टोपी होती, आणि एक जाड कागदाचे प्रमाणपत्र होते. 'ओरवानच्या श्वासरोधक सेनेत आपले स्वागत. देशातील सर्वांत लहान सैनिकास आमची सलामी. गुडघे टेका, नाहीतर गुदमरा.'

साहेब भाजी घेऊन आले तेव्हा हे सगळे जेवणाच्या टेबलावर मांडलेले होते. सूनबाई एका बाजूला बसली होती, मुलगा दुसऱ्या बाजूला. साहेबांच्या पत्नी काळा झगा उलटून शिवण बघत होत्या.

"बाबा, हे काय आहे?"

साहेबांनी पिशवी खाली ठेवली आणि सगळे सांगितले. पहिल्यापासून, क्रमाने, भाग आणि प्रकरण धरून. खिशातला अर्जही काढून ठेवला. भिंतीपर्यंत आले तेव्हा मुलाने टेबलावर हात आपटला.

"शक्यच नाही. ओरवान असं करणारच नाही. तुम्ही नीट वाचलं नसेल."

"दोनदा वाचलं."

"अहो, तो हत्यारं पुसून ठेवतो."

"भिंत बांधून झाल्यावरही पुसून ठेवतो," साहेब खिन्नपणे म्हणाले.

"झगा मात्र चांगला शिवलाय हो," पत्नी म्हणाल्या.

सूनबाई बराच वेळ प्रमाणपत्राकडे पाहत राहिली. ती रागावली असती तर साहेबांना सोपे गेले असते. "मी सगळ्यांना सांगत सुटले होते," ती म्हणाली, "बाबांनी तपासून घेतलंय म्हणून. आईला चार वेळा सांगितलं. तुमच्याकडे मी एकच गोष्ट मागितली होती, बाबा."

"नाव बदलता येईल. दोन सह्या लागतात."

"आणि बदलून कुठलं ठेवायचं? आई उद्या येतेय, माहीत आहे ना? तिला एवढा सुगावा लागला की संपलं. तिचं नाव तयारच आहे." तिने अर्ज उचलला आणि पुन्हा ठेवला. "ती आल्याआल्या विचारणार, हा ओरवान कोण. विचारेलच. तुम्ही तिला खोटं सांगितलेलं मला चालणार नाही. ती कुठूनतरी काढते शोधून, आणि मग जन्मभर ऐकवते. आणि खरं सांगितलंत तर तो माझा भाऊ उद्या या घरात येईल. आता काय सांगायचं ते तुम्ही बघा."

साहेबांनी त्या दिवशी काहीही तपासले नाही. नळ गळत राहिला.

विहीणबाई दुसऱ्या दिवशी दुपारी आल्या. त्या धिप्पाड नव्हत्या, आवाजही चढा नव्हता. पण त्या खोलीत आल्या की बाकीची माणसे आपोआप पाठ सरळ करून बसत. साहेबांनी त्यांना न डुगडुगणारी खुर्ची दिली. काळा झगा, टोपी आणि प्रमाणपत्र घेऊन मुलगा आतल्या खोलीत गेला होता आणि दार लावून बसला होता. विहीणबाईंनी बाळाला मांडीवर घेतले, त्याच्या कानामागे, नखांत, मानेच्या वळीत पाहून घेतले, आणि मग विचारले.

"नाव ऐकायला वेगळं आहे. कोण होता हो हा?"

स्वयंपाकघराच्या दारात सूनबाई पाण्याचा पेला घेऊन उभी होती. तो तिने पुढे आणला नाही.

साहेबांनी घसा साफ केला. "कारागीर होता. पवनचक्क्या दुरुस्त करायचा."

"कामाला कसा?"

"अत्यंत चोख. त्याच्या हातचं काम परत आलेलं नाही."

विहीणबाईंनी मान हलवली. "पण शेवटी कारागीरच ना? आमच्या मनात जे नाव आहे, त्या नावाचा मुलगा पुढे मोठ्या हुद्द्यावर गेला असता."

साहेबांनी क्षणभर विचार केला. प्रत्येक शब्द त्यांनी जणू मायक्रोमीटरमध्ये धरून पाहिला. "हा पण पुढे फार वर गेला. सगळा देश त्याच्या हाताखाली आला. त्याच्या शब्दाशिवाय तिथं पान हलत नसे."

"असं?"

"मोठमोठी माणसं त्याच्यापुढे गुडघे टेकायची."

विहीणबाईंनी बाळाकडे नव्याने पाहिले. "एवढं वर गेल्यावर माणसं घरच्यांना विसरतात. याचं कसं?"

पेल्यातले पाणी हिंदकळल्याचा आवाज साहेबांना ऐकू आला. त्यांनी तिकडे पाहिले नाही.

"आजोबांना त्याने शेवटपर्यंत आपल्याच वास्तूत ठेवलं," ते म्हणाले. "बाहेर जाऊ दिलं नाही."

विहीणबाईंच्या चेहऱ्यावर एक हिशेब चाललेला दिसत होता. एका बाजूला इतकी वर्षे जपलेला, कधीही न चुकलेला मुलगा होता, आणि दुसऱ्या बाजूला हा देश चालवणारा, म्हाताऱ्यांना अंतर न देणारा माणूस. मग त्यांनी बाळाची मूठ उघडून आपले बोट तीत दिले. "ओरवान," त्या जरा अडखळत म्हणाल्या. आणि पुन्हा, जरा सरावाने, "काय रे ओरवान, आजीचं बोट सोडणार का नाही?"

बाळाने सोडले नाही.

संध्याकाळपर्यंत त्या बसल्या. मुलीला दूध कसे तापवावे ते सांगितले, पडदे बदलायला सांगितले, मुलीचे केस गळतात हे दोनदा सांगितले. दुसरे नाव मात्र त्यांच्या तोंडून एकदाही निघाले नाही, आणि 'तो असता तर' असेही त्या म्हणाल्या नाहीत. त्यांना रिक्षात बसवून साहेब वर आले तेव्हा सूनबाई ओट्यापाशी होती. तिचे डोळे लाल होते आणि ती तोंडावर पदर धरून हसत होती की दुसरे काही करत होती, हे त्यांना नक्की सांगता आले नसते.

"बाबा, तुम्ही खोटं बोललात."

साहेबांच्या स्वाभिमानाला इतक्या दिवसांत पुष्कळ धक्के बसले होते, पण हा त्यांनी सहन केला नाही. "एकही शब्द खोटा नाही. तपासून बघ."

"तपासलं दारातच. म्हणून तर म्हणते." तिने अर्ज ओट्यावरून उचलून चार तुकडे केले आणि केराच्या डब्यात टाकले. "असं बोलायला कुठं शिकलात?"

साहेबांनी प्रामाणिकपणे आठवून पाहिले. आठवले तेव्हा ते जरा दचकले, आणि त्यांनी उत्तर द्यायला वेळ घेतला.

"पाचव्या भागात," ते म्हणाले.

आतून मुलाने ओरडून विचारले की वाचनालय किती वाजेपर्यंत उघडे असते.